मंदशिळेचा वाडा कोण बांधतो?

प्रश्न : मी एक कल्पनारम्य कादंबरी लिहितो आहे. तिच्यातल्या राज्यात ‘मंदशिळा’ नावाचा दगड सापडतो. या दगडाच्या भिंतींच्या आत काळ दहापट सावकाश चालतो. आत एक दिवस गेला की बाहेर दहा उलटतात. म्हातारा राजा मरण लांबवायला या दगडाचा वाडा बांधून घेतो. कल्पना सगळ्यांना आवडते, पण ‘वाडा खरा वाटत नाही’ असंही सगळे म्हणतात. दगड कसा तयार झाला हे आणखी सविस्तर सांगू का? – एक वाचक, सातारा

उत्तर : नका सांगू. तुम्ही पाठवलेल्या चाळीस पानांपैकी सहा पानं दगडाच्या जन्मकथेची आहेत, आणि तो दगड उचलणारा एकही माणूस त्यांत नाही. मी एकतीस वर्षं बांधकामाच्या साइटवर काढली, त्यामुळे मला आधी हीच उणीव दिसली.

खाणीतून आलेल्या ढिगात मंदशिळा कुठली, हे गवंडी कसं ओळखणार? त्याच्या पिशवीत ओळंबा असतोच, म्हणजे भिंत उभी सरळ आहे का ते बघायचा दोरीला बांधलेला जड लट्टू. एक मीटर दोरीचा ओळंबा झुलवला तर जाऊन परत यायला दोन सेकंद लागतात. आमचे मिस्त्री लट्टू स्थिर व्हायची वाट बघायचे, तेव्हा मीही श्वास धरून शेजारी उभी राहायचे, म्हणून तो ठेका माझ्या अंगात बसलाय. आता तुमच्या गवंड्याला चार शिळा चौकोनात रचू द्या आणि मधे ओळंबा सोडू द्या. लट्टू एका बाजूला जातो, आणि परत यायचं नावच घेत नाही. वीस सेकंदांनी येतो. शेजारचा पोरगा दोरी कुठे अडकली का म्हणून हात घालायला जातो आणि मिस्त्री त्याचं मनगट पकडतो. सहा पानांचं काम या एका प्रसंगात होईल.

मग गिलावा. काँक्रीटचे ठोकळे आम्ही ७ आणि २८ दिवसांनी दाबून त्यांची ताकद बघतो. तुमच्या राज्यात सिमेंट नाही, चुना आहे. तो हवेतला कार्बन डायऑक्साइड घेत घेत त्याहून कितीतरी सावकाश घट्ट होतो. तरी २८च दिवस धरा. आतले २८ म्हणजे बाहेरचे २८०. एवढ्यात एक अख्खा पावसाळा येऊन जाईल, आणि छप्पर घातलेलं नसेल तर आतल्या माणसाला तोच पाऊस दहापट जोराने कोसळताना दिसेल. चुना टिकवायचा कसा, यावर मिस्त्री आणि कारभारी यांचं भांडण लावून द्या.

पण माझा जीव खरा अडकला तो रोजात. आत आठ तास काम करून गवंडी बाहेर येतो तेव्हा बाहेर ऐंशी तास झालेले असतात, म्हणजे तीन दिवस आणि वर आठ तास. हजेरीपटावर त्याचा एक रोज मांडायचा की तीन? कारभारी एकच मांडणार. घरात मात्र चूल तीन दिवस पेटलेली असते. बायको भाकरी घेऊन येते, हाक मारते; तिची हाक आत दहापट चढ्या स्वरात पोचते, पाखरू चिवचिवल्यासारखी. त्याला ती कळतसुद्धा नाही. अशी दोन वर्षं आत काम केलेला माणूस घरी परततो तेव्हा अंगणात रांगणारी मुलगी वीस वर्षांची झालेली असते. राजाने जो काळ वाचवला तो कुणाच्या घरातून आला, हे इथे दिसतं. ही माणसं कादंबरीत नसतील तर मला राजाच्या मरणाचं काहीच वाटणार नाही.

उंबरठ्याचाही विचार करा. एक पाय आत, एक बाहेर असा माणूस थांबला तर त्याच्या रक्ताचं काय होईल? उंबरठ्यावर बसू नये, असं आपल्याकडे लहानपणापासून बजावतात. तुमच्या राज्यात हा नियम किती कडक असेल!

खिडक्यांच्या बाबतीत मात्र सांभाळा. काळ उंचीप्रमाणे खरोखर बदलतो; टोकियोच्या स्कायट्री मनोऱ्यात ४५० मीटर उंचीवर ठेवलेलं घड्याळ जमिनीवरच्या घड्याळापेक्षा दिवसाला सेकंदाच्या सुमारे चार अब्जांश भागाने पुढे जातं, हे २०२०मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोजणीत दिसलं. काळाचा वेग बदलला की प्रकाशाच्या लहरीही बदलतात. तुमच्या दहापटीच्या हिशेबाने बाहेरचं ऊन आत येताना अतिनील होऊन कातडी जाळेल, आणि बाहेरच्या अंगणाची साधी ऊबसुद्धा आतून बल्बच्या तारेसारखी झगझगेल. हे सगळं पाळायलाच हवं असं नाही, राज्य तुमचं आहे. पण पाळणार असाल तर वाडा बिनखिडक्यांचा करा. मग आत राजा दिव्याच्या उजेडात बसलेला असेल, आणि तेलाचा बुधला घेऊन येणाऱ्या पोराला दर खेपेला नवी मिसरूड फुटलेली दिसेल.

पुढचा खर्डा पाठवाल तेव्हा हजेरीपट लिहिणाऱ्या कारकुनाचं प्रकरण आधी पाठवा.