आईची अंघोळ आणि ड्रॉवरातली चिठ्ठी

"ताई, आईचा कॅन्सर आता हाडांपर्यंत गेलाय. आठ महिने तिचं सगळं मी एकटाच करतो. औषधं, कूस बदलणं, अंघोळसुद्धा. डॉक्टरांनी पॅलिएटिव्ह केअरवाल्यांचा नंबर चिठ्ठीवर लिहून दिला होता. मला वाटलं, त्यांनी हात टेकले. चिठ्ठी ड्रॉवरातच आहे. घरी नर्स बोलवायचं म्हटलं, तर मोठी बहीण फोनवर म्हणते, 'आईला परक्यांच्या हाती देणार?' परवा अंघोळ घालताना आईनं तोंड भिंतीकडे फिरवलं. माझं काही चुकतंय का?"
– एक मुलगा

तुमचं पत्र वाचताना मी त्या भिंतीपाशीच अडले. तुम्हाला वाटतंय, आई रागावली. मला वाटतं, तिला संकोच वाटला असेल. पोटच्या मुलापुढे असं उघडं पडणं काही आयांना दुखण्याहून जड जातं. त्यातून मुलगा इतकं करतोय म्हटल्यावर ती बोलणार तरी कशी? घरी येणारी नर्स परकी असते हे खरं. अंघोळीपुरतं तेच तिला सोपं जाईल. अर्थात हा माझा अंदाज. तिलाच विचारा, "अंघोळ कुणी घातलेली तुला बरी वाटेल?" ती म्हणेल ते करा.

आता ती चिठ्ठी. पॅलिएटिव्ह केअर म्हणजे शेवट, या भीतीपायी माणसं अगदी अखेरच्या आठवड्यात फोन करतात. वेदना, मळमळ, धाप, उडालेली झोप यांवर इलाज करणं हे त्या लोकांचं काम, आणि ते कॅन्सरच्या उपचारांसोबतही चालतं. 2010 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात फुफ्फुसाचा पसरलेला कॅन्सर असलेल्या काही रुग्णांना निदानानंतर लवकरच ही सेवा दिली होती. त्यांचे दिवस इतरांपेक्षा बरे गेलेच, शिवाय ते साधारण पावणेतीन महिने जास्त जगले. प्रत्येकाचं असंच होईल असं नाही, पण 'हात टेकले' हा अर्थ त्यातून निघत नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या व्याख्येत तर रुग्णाबरोबर कुटुंबही धरलेलं आहे, म्हणजे तुमची पाठ आणि तुमची झोपसुद्धा.

फोन केल्यावर "थोडी मदत हवी होती" असं मुळमुळीत बोलू नका. रात्री किती वेळा उठता, आईला उचलताना कुठे कळ येते, कामावर किती खाडे झाले, ते आकड्यांनिशी सांगा. एअर बेड, कमोडची खुर्ची वापरायला मिळेल का? रात्री सोबतीला कुणी येईल का? अपरात्री फोन कुणाला करायचा? हा शेवटचा प्रश्न विसरू नका. केमो चालू असेल आणि ताप 100.4 फॅरनहाइटवर गेला, तर सकाळची वाट बघायची नसते. हॉस्पिटलात वैद्यकीय समाजसेवक असतील तर त्यांनाही गाठा. कुठली सेवा कुठे मिळते, हे बहुतेक वेळा डॉक्टरांपेक्षा त्यांनाच जास्त ठाऊक असतं.

बहिणीशी वाद घालत बसू नका. ही सगळी फोनाफोनी आणि फॉर्म तिच्याकडे सोपवा. लांब राहूनही करता येईल असं ते काम आहे, आणि चौथ्या फोनपर्यंत तिची हरकत बरीच मावळलेली असेल.

नर्स पहिल्यांदा येईल तेव्हा घरात थांबा, दाराबाहेर. दुसऱ्या खेपेला तासभर बाहेर पडा. औषधं आणायला नव्हे, नुसतेच.