परतवारं सुटलं तर खतावणीतली शाई परत येईल का?

प्रश्न : ताई, नमस्कार. मी सांगलीचा, आमचं हळदीचं छोटं दुकान आहे. २०१९ च्या पुरात वडिलांच्या हातची लाल कापडाची खतावणी भिजली, शाई पार धुऊन गेली, वडील आता नाहीत. त्यावरून मी दिवाळी अंकासाठी कथा लिहितोय. एका कल्पनेतल्या गावात श्रावणात एका रात्री 'परतवारं' सुटतं, ते वाहतंय तोवर काळ उलटा चालतो, पूर मागं सरकतो आणि मुलाच्या डोळ्यांदेखत पानावर अक्षरं परत उमटतात. मित्र म्हणतो हे सगळं अशास्त्रीय आहे, पाणी उलटं चढेल का कधी. कोण बरोबर? (एक वाचक, सांगली)

उत्तर : दादा, तुमचं पत्र दोनदा वाचलं. त्या ऑगस्टमध्ये मी साताऱ्याहून सांगलीला बहिणीचं घर धुवायला आले होते, तेव्हा कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी धोक्याची पातळी ४५ फूट असताना पाणी ५७ फुटांवर जाऊन आलेलं. तिच्या सासऱ्यांची पत्रं आम्ही फॅनखाली वाळवली, पानं एकमेकांना चिकटलेली, हलक्या हातानं सोडवली तर आत नुसता निळसर डाग. त्यामुळं तुम्हाला काय हवंय ते मला कळतंय.

आधी मित्राचं बघू. पाणी उलटं चढण्याला गतीच्या नियमांची आडकाठी नाही. चेंडू वर फेकल्याचा व्हिडिओ उलटा चालवून बघा, सुलटा कुठला नि उलटा कुठला सांगता येत नाही. १८७६ मध्ये लोश्मिट या भौतिकशास्त्रज्ञानं बोल्ट्झमन या दुसऱ्या भौतिकशास्त्रज्ञापुढं हाच मुद्दा मांडला होता, की प्रत्येक कणाचा वेग आहे तेवढाच ठेवून दिशा फक्त उलटी केली तर सगळं आल्या वाटेनं माघारी जायला पाहिजे. म्हणजे परतवाऱ्यानं नेमकं हेच करायचं, एकूण एक कण उलटा फिरवायचा, आणि तसं झालं तर शाई पानावर परत येणारच.

मग रोज असं का होत नाही, तर त्याचं उत्तर मण्यांच्या डब्यात आहे. एकाच मापाचे नि वजनाचे मणी घ्या, खाली १० लाल, वर १० पांढरे ठेवले आणि डबा हलवला की ते मिसळतात, पुन्हा कितीही हलवा, सगळे लाल मणी खाली येत नाहीत. बंदी कुणी घातलेली नाही हो, पण त्या २० जागांवर ते मांडायचे १,८४,७५६ प्रकार आहेत आणि त्यातला आपल्याला हवा तो एकच. हे झालं २० मण्यांचं, आणि शाईच्या एका थेंबात किती कण असतात! आपल्याला काळ पुढंच जातोय असं वाटतं ते या मिसळण्यामुळं, एडिंग्टन या खगोलशास्त्रज्ञानं त्याला काळाचा बाण म्हटलंय.

आता खरी अडचण, ती मित्राच्या लक्षात आली नाही. तुमच्या कथेतला मुलगा वाऱ्यात उभा असेल तर त्याचा मेंदूही उलटा चालणार, आठवणीसुद्धा शेवटी मेंदूतल्या कणांचीच मांडणी ना, त्यामुळं अक्षरं उमटताना त्याला दिसणार नाहीत, त्याच्या लेखी पूर आलेलाच नसेल. बरं, वाऱ्यात उभा आहे पण त्याला वारं लागतच नाही असं लिहिलं, तर बाकीचा उजेडही उलट्या वाटेनं जाणार, पानाकडून डोळ्याकडं येण्याऐवजी पानाकडून दिव्याकडं, म्हणजे त्याला सगळा अंधारच. 'डोळ्यांदेखत' हा शब्द काढावा लागेल. वाईट वाटतं, मला ते दृश्य फार आवडलं होतं.

आणि अजून एक, वारं पडलं की काळ पुन्हा सुलटा चालू होणार, तेच ढग, तेच पाणी, तोच पाऊस, म्हणजे पूर परत जसाच्या तसा येणार आणि खतावणी परत भिजणार. कथेचा जीव मला इथं दिसतो. नुसतं मागं जाऊन वही बचावत नाही, भिजल्याचं आठवणारं कुणीतरी वाऱ्याच्या बाहेर पाहिजे.

त्यासाठी हद्द आधी नीट आखा. पाणी वरून येतं, म्हणून नुसतं गाव धरून चालणार नाही, वरचं सगळं खोरं परतवाऱ्यात घ्या, आपल्याकडचं उदाहरण घेतलं तर पार महाबळेश्वरापासून. आणि मुलाची आई त्या आठवड्यात हद्दीबाहेर, समजा पंढरपूरला गेलेली. दुकान बुडाल्याचं तिला फोनवर कळलेलं आहे, ती रडून मोकळी झालेली आहे. मग वारं सुटतं, पडतं, आणि ती पोराला फोन लावते. इकडं ऊन पडलंय, नदी शांत आहे, पोरगा गिऱ्हाईकाला हळद मोजून देतोय, आणि आई सांगतेय की बाकी सगळं राहू दे, आधी बाबांची खतावणी वरच्या मजल्यावर ने. तो म्हणतो, अगं आत्ता कशाला? पण आईचा आवाज ऐकून गल्ल्यावरून उठतो आणि लाल वही काखेत मारून जिना चढतो. तिथंच थांबवा, पूर येताना दाखवू नका. अंक निघाला की मला एक प्रत नक्की पाठवा.