बुद्ध्यंक, बुद्ध्यांक की बुद्धिगुणांक?

एका वाचकाचा प्रश्न थोडक्यात असा आहे. पुतण्याच्या शाळेतून मानसशास्त्रीय चाचणीचा अहवाल घरी आला. पहिल्या पानावर ‘बुद्ध्यांक ९२’ लिहिलंय, दुसऱ्या पानावर ‘बुद्धिगुणांक ९२’. हे दोन्ही एकच का, आणि शुद्ध कुठलं? शिवाय घरातल्या आजींचा एक उपप्रश्न आहे: “शंभरापैकी ब्याण्णव? मग गणितात एवढा मागे कसा राहतो हा?”

आजींचा प्रश्न जास्त मोलाचा आहे, पण आधी शुद्धलेखन संपवून टाकू.

दोन्ही शब्द एकाच गोष्टीसाठी आहेत, म्हणजे ज्याला आपण सगळे बोलताना ‘आयक्यू’ म्हणतो त्यासाठी. त्यातला ‘बुद्ध्यांक’ संधीच्या नियमात बसत नाही. बुद्धि + अंक म्हणजे इ + अ, इथे ‘इ’चा ‘य्’ होतो आणि पुढचा ‘अ’ जसाच्या तसा राहतो: बुद्ध्यंक. अति + अंत = अत्यंत, गति + अंतर = गत्यंतर, जाति + अंध = जात्यंध. ‘गत्यांतर नाही’ असं कोणी म्हणत नाही. ‘इत्यादी’मध्ये ‘या’ ऐकू येतो, कारण तिथे दुसरा शब्दच ‘आदि’ आहे. ‘बुद्ध्यांक’ बरोबर ठरायला मूळ शब्द ‘आंक’ असावा लागेल, आणि तो तसा नाही. ‘बुध्यांक’ असंही छापलेलं दिसतं. त्यात तर बुद्धीतला ‘द’सुद्धा गेला.

मग हा ‘आ’ आला कुठून? शेजाऱ्यांकडून. क्रमांक, दिनांक, निर्देशांक, द्रवणांक, उत्कलनांक अशी रांगच आपल्या पाठ्यपुस्तकांत उभी आहे. या सगळ्यांचा पहिला शब्द अकारान्त आहे, म्हणून अ + अ = आ झालाय. पण कानाला व्याकरण कळत नाही, त्याला ‘-आंक’ हा एक प्रत्ययच वाटायला लागतो आणि तो बुद्धीलाही चिकटतो. चूक आहे, पण समजण्यासारखी. छापताना मी दुरुस्त करीन, बोलताना कोणाला अडवणार नाही.

‘बुद्धिगुणांक’ व्याकरणाने निर्दोष आहे. ‘बुद्धी’ सुटा असताना दीर्घ आणि समासात पहिला आला की ऱ्हस्व, हेही त्यात पाळलेलं आहे. घोटाळा आहे तो अर्थात, आणि आजींचा प्रश्न नेमका तिथूनच निघतो. मराठी घरात ‘गुण’ म्हणजे मार्क. दहावीला किती गुण, शंभरापैकी किती. तेव्हा ‘बुद्धिगुणांक ९२’ वाचून पेपर तपासून दिलेले गुण डोळ्यांपुढे आले तर त्यात आजींचं काही चुकलेलं नाही. पुढच्या घरी कुणाचा ११० आला म्हणजे तिथे आणखी पंचाईत, शंभरापैकी एकशेदहा कसे?

ज्या इंग्रजी शब्दाचं हे भाषांतर आहे (‘इंटेलिजन्स कोशंट’, म्हणजे आयक्यू) त्यात गुण नव्हते, भागाकार होता. हिंदीने तो जपला. तिकडे ‘बुद्धिलब्धि’ म्हणतात, आणि ‘लब्धि’ हा भागाकाराच्या उत्तरासाठी संस्कृत गणितातला जुना शब्द. मराठीने भागाकाराच्या जागी गुण आणले. हा भागाकार आला कुठून, ते पाहिलं की पुतण्याचा अहवाल वाचणं सोपं जाईल.

फ्रान्समध्ये १८८१-८२ च्या कायद्यांनी प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचं झालं. आधी जी मुलं शाळेची पायरीच चढत नव्हती ती वर्गात येऊन बसली, आणि त्यातली काही मागे पडू लागली. १९०४ साली तिथल्या शिक्षणमंत्र्यांनी एक आयोग नेमला: नेहमीच्या वर्गात ज्यांचं भागत नाही अशी मुलं शोधायची कशी? आयोगावर मानसशास्त्रज्ञ आल्फ्रेड बिने होते. शिक्षकाच्या मतावर किंवा डॉक्टरच्या नजरेवर हे सोडायला नको, म्हणून त्यांनी तेओदोर सिमोन यांच्याबरोबर १९०५ मध्ये सोप्याकडून अवघडाकडे जाणाऱ्या तीस कृतींची एक मोजपट्टी केली. १९०८ च्या सुधारित आवृत्तीत त्या कृती वयानुसार लावल्या. सात वर्षांची बहुतेक मुलं जे करतात ते ‘सातच्या पातळी’चं. इतकंच. बिने यांनी कुठेही भागाकार केला नाही. उलट बुद्धी जन्मतः ठरलेली आणि न वाढणारी आहे असं म्हणणाऱ्यांवर त्यांनी १९०९ मध्ये स्वच्छ टीका केली आणि मागे पडणाऱ्या मुलांसाठी लक्ष, स्मरण यांचे व्यायाम सुचवले. १९११ मध्ये ते वारले.

भागाकार १९१२ चा. तेव्हा जर्मनीत असलेल्या ब्रेस्लाउचे मानसशास्त्रज्ञ विल्यम स्टर्न यांनी मानसिक वयाला (मूल ज्या वयाच्या पातळीचं करतं त्या वयाला) प्रत्यक्ष वयाने भागायचं सुचवलं, कारण पाच वर्षांच्या मुलाचं दोन वर्षांनी मागे असणं आणि बारा वर्षांच्या मुलाचं दोन वर्षांनी मागे असणं एकसारखं नव्हे. अमेरिकेत स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या लुईस टर्मन यांनी १९१६ मध्ये त्या भागाकाराला शंभराने गुणलं, म्हणजे दशांश चिन्ह नको. आठ वर्षांच्या मुलाने दहा वर्षांच्या मुलाइतकं केलं, तर १० भागिले ८ गुणिले १००, उत्तर १२५. (गुणाकार काय तो एवढाच, आणि ‘गुणांक’ शब्दाच्या बाजूने वकिली करायची तर एवढाच पुरावा आहे.)

याच काळात मोजपट्टीचा हेतूच पालटला. पॅरिसमध्ये ती ‘कोणाला जादा मदत हवी’ हे विचारत होती, अमेरिकेत ती ‘कोण कुठल्या प्रतीचं’ हे सांगू लागली. तिथले मानसशास्त्रज्ञ हेन्री गॉडर्ड यांनी १९१० मध्ये ‘मोरॉन’ हा शब्द खास घडवला, मानसिक वय आठ ते बारा असलेल्या प्रौढांसाठी. त्याखालच्या पायऱ्यांना ‘इंबेसाइल’ आणि ‘इडियट’ हे शब्द होते. आज शिव्या असलेले हे तिन्ही शब्द तेव्हा अहवालात लिहायचे तांत्रिक शब्द होते. आपल्याकडे ‘मंदबुद्धी’ टोचतो म्हणून ‘मतिमंद’ आला, तोही टोचू लागला तेव्हा ‘गतिमंद’, मग ‘विशेष मूल’, आणि २०१६ च्या कायद्यानंतर ‘बौद्धिक दिव्यांगत्व’. शब्द बदलत राहतात, कारण टोचणारी गोष्ट शब्दात नसते. पण तो वेगळा लेख होईल.

पहिल्या महायुद्धात अमेरिकी सैन्याने साडेसतरा लाखांच्या आसपास माणसांची चाचणी घेतली. इंग्रजी वाचता येणाऱ्यांना एक पेपर, न येणाऱ्यांना चित्रांचा दुसरा. या चित्रांच्या पेपरात अपुरं चित्र पुरं करायचं असे, आणि त्यातलं एक चित्र टेनिसच्या मैदानाचं होतं, जाळी नसलेलं. बोटीतून नुकत्याच उतरलेल्या, टेनिस कधी न पाहिलेल्या शेतमजुराला ती जाळी सुचली नाही, की त्याची बुद्धी कमी. मानसशास्त्र शिकताना समाज, इतिहास आणि शाळा बाजूला ठेवता येत नाहीत, याला हे एक चित्र पुरेसं आहे.

आता आपल्याकडे. लाहोरमध्ये हर्बर्ट राइस यांनी १९२० च्या दशकात बिनेच्या चाचणीचं हिंदुस्तानी रूप केलं. मराठी मुलांशी थेट नातं असलेलं काम मात्र धारवाडचं. वि. वि. कामत यांनी टर्मन यांची आवृत्ती कानडी आणि मराठी बोलणाऱ्या मुलांसाठी बसवली. ती ‘बिने-कामत’ चाचणी म्हणून ओळखली जाते आणि अजूनही वापरात आहे. मोठ्या रुग्णालयांच्या मानसशास्त्र विभागात ‘बीकेटी करून आणा’ असं सर्रास सांगतात.

हे बसवणं म्हणजे नुसतं भाषांतर नव्हे. टर्मन यांच्या सहाव्या वर्षाच्या कृतींत चार नाणी ओळखायची होती: निकेल, पेनी, क्वार्टर, डाइम. धारवाडच्या पोरापुढे ती ठेवून काय कळणार? महिन्यांची नावं विचारायची, तर चैत्र-वैशाख की जानेवारी-फेब्रुवारी? घरात एक चालतं आणि शाळेत दुसरं. आठव्या वर्षाला वीसपासून एकपर्यंत उलटं मोजायला लावत. मराठीत विसाच्या खाली उतरलं की पहिलाच शब्द ‘एकोणीस’, ज्याच्या पोटातच ‘विसाला एक उणा’ ही वजाबाकी बसलेली आहे. पुढे अठरा, सतरा सरळ. इंग्रजी मुलाच्या वाटेत हा खळगा नाही. तो आपल्या मुलाला अडवतो की मदत करतो हे खुर्चीत बसून ठरत नाही, त्याच भाषेच्या शेकडो मुलांना विचारून पाहावं लागतं. मोजपट्टी त्या त्या मुलखात पुन्हा आखायची ती अशी, आणि कामतांचं महत्त्व त्या आखणीत आहे.

आखलेली पट्टी जुनीही होते. संशोधक जेम्स फ्लिन यांनी १९८४ मध्ये दाखवलं की अमेरिकेत चाचण्यांमधली सरासरी कामगिरी दर दहा वर्षांनी साधारण तीन अंकांनी वर सरकत आली आहे. म्हणजे जुन्या पिढीच्या मुलांवरून आखलेल्या पट्टीने आजचं मूल मोजलं, तर आकडा फुगलेला येण्याचीच शक्यता जास्त. म्हणून अहवालात आकड्याच्या आधी चाचणीचं नाव आणि आवृत्ती बघावी.

भागाकाराचं पुढे काय झालं ते तर मजेशीर आहे. मोठ्या माणसाचं मानसिक वय वर्षागणिक वाढत नाही, मग चाळिशीच्या माणसाला भागायचं कशाने? टर्मन यांनी भाजक सोळावर थांबवून वेळ मारून नेली. न्यूयॉर्कच्या बेलव्ह्यू रुग्णालयातले डेव्हिड वेक्स्लर यांनी १९३९ मध्ये भागाकारच सोडून दिला. त्याच वयाच्या लोकांची सरासरी १०० धरायची आणि हा माणूस त्या सरासरीपासून किती वर किंवा खाली आहे ते पंधराच्या टप्प्यांत मोजायचं. त्यांची मुलांसाठीची चाचणी १९४९ मध्ये आली. तिचं भारतीय रूप नागपूरला आर्थर मालिन यांनी केलं आणि ते १९६९ पासून ‘मालिनची’ म्हणूनच ओळखलं जातं. तेव्हा आजच्या बहुतेक अहवालांत भागाकार उरलेलाच नाही. इंग्रजी नाव जुन्या रीतीचं राहिलंय, हिंदीतली ‘लब्धि’ही. उरला आहे फक्त एक अंक, आणि योगायोगाने तेवढाच सांगणारा शब्द मराठीत आहे: बुद्ध्यंक. माझी पसंती त्याला आहे ती यामुळे. संधी शुद्ध आहे हा वरचा लाभ.

आजींना मग असं सांगा. हे शंभरापैकी नाहीत. शंभर म्हणजे पैकीच्या पैकी नाही, शंभर म्हणजे मधोमध. शंभराच्या अलीकडे-पलीकडे, ८५ ते ११५ मध्ये, तीनांतली दोन मुलं येतात. चाचणी वेक्स्लर पद्धतीची असेल तर ९० ते १०९ ला ‘सर्वसाधारण’ म्हणतात, तेव्हा ९२ चा मुलगा सर्वसाधारण बुद्धीचा आहे. त्याच्या वयाच्या शंभर मुलांतली साधारण तीस त्याच्या खाली असतील आणि बाकीची वर. गणितात मागे पडण्याचं कारण या आकड्यात सापडत नाही. ते अहवालाच्या आतल्या पानांवर, उपचाचण्यांच्या तक्त्यात शोधायचं. भाषेचे आणि कृतीचे आकडे एकमेकांपासून फार लांब आहेत का, अंकगणिताची किंवा अंक लक्षात ठेवण्याची ओळ एकटीच खाली गेली आहे का, हे समुपदेशकांना विचारा. चाचणी कुठल्या भाषेत झाली हेही विचारा. घरी मराठी, शाळा इंग्रजी आणि चाचणी इंग्रजीत असेल, तर भाषेच्या उपचाचण्यांत बुद्धीबरोबर इंग्रजीही मोजली गेली आहे.

अहवालात टक्के दिसले तर आणखी एक गोंधळ होऊ शकतो. अपंगत्वाच्या प्रमाणपत्रांसाठीच्या केंद्र सरकारच्या २००१ च्या नियमांत ५० ते ६९ बुद्ध्यंकाला ५० टक्के अपंगत्व, ३५ ते ४९ ला ७५ टक्के असं कोष्टक होतं. म्हणजे बुद्ध्यंक खाली गेला की टक्के वर जातात. ‘बुद्धी पन्नास टक्केच आहे’ असा अर्थ काढणारे पालक आजही भेटतात. तुमच्या पुतण्याचा त्या कोष्टकाशी काही संबंध नाही, पण घरात चर्चा निघाली तर माहीत असावं.

प्रश्नाच्या शेपटीला तुम्ही ‘भावनांक’ (भावनिक समजेचा अंक, ज्याला ‘ईक्यू’ म्हणतात) बरोबर आहे का, असंही विचारलंय. भावना + अंक, आ + अ = आ, म्हणून भावनांक बिनधोक लिहा. तिथे मुळातच कोणी कशाला भागलेलं नाही.