कोजी शिराइशी: सुरुवात कुठून करावी

जपानी भयपट दिग्दर्शक कोजी शिराइशी यांचे चित्रपट पहिल्यांदाच बघत असाल तर 2007 चा 'कुचिसाके-ओन्ना' (फाटक्या तोंडाची बाई) आधी लावा. पण त्याआधी या बाईची मूळ अफवा माहीत हवी: तोंडावर मास्क, 'मी सुंदर आहे का?' हा प्रश्न, मग मास्क काढल्यावर कानापर्यंत फाटलेलं तोंड. 1979 मध्ये या अफवेने जपानभर शाळकरी पोरं घाबरली होती. शिराइशी त्या बाईला आईकडून मुलांना होणाऱ्या मारहाणीशी जोडतात. दंतकथा ठाऊक नसेल तर हा बदल लक्षातच येत नाही.

त्यानंतर 'नोरोई' (2005). हा खरा कस. जवळपास दोन तासांचा, माहितीपटाच्या धाटणीचा; पहिला तासभर नुसते तुकडे वाटतात आणि बरेच जण तिथेच सोडतात. सोडू नका. मोबाईल बाजूला ठेवा, हेडफोन लावा. मेलेली कबुतरं, दोऱ्याच्या गाठी, धरणाखाली गेलेलं गाव, हे सगळं पुढे एकमेकांत गुंततं. सबटायटल वाचताना फ्रेमचे कोपरे सुटतात, तेव्हा शंका आली की दहा सेकंद मागे जा.

'तेकेतेके' (2009) छोटा आहे, नंतर चालेल. 'ग्रोटेस्क'मध्ये मात्र दंतकथा नाही, निव्वळ छळ आहे, नवख्याने टाळावा.