इन्सुलिन नवीन सुरू झालंय? आधी एवढं बघा

ताई, आईंना 30/70 दिलंय ना? त्यात 30 टक्के लवकर चालणारं आणि 70 टक्के सावकाश चालणारं असतं. साधं ह्यूमन, म्हणजे जुन्या प्रकारचं इन्सुलिन असेल तर जेवणाआधी अर्धा तास टोचायचं, आणि टोचलं की जेवण टाळायचं नाही. मासळी उशिरा आली म्हणून भात थांबवू नका, साखर धाडकन उतरते. संकष्टीचा उपास असेल तर आदल्या दिवशीच डॉक्टरांना विचारा.

लिस्प्रो, अस्पार्ट ही झटपट चालणारी इन्सुलिनं 10-15 मिनिटांत सुरू होतात, म्हणून अगदी जेवताना टोचायची. ग्लार्जिन नावाचं इन्सुलिन साधारण 24 तास एकसारखं चालतं; महाग आहे, पण रात्री साखर उतरायची भीती कमी. परवडत असेल तर मी डॉक्टरांकडे हा विषय नक्की काढेन.

सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे सिरिंज. बाटलीवर 40 लिहिलंय की 100 (एका मिलीत किती युनिट औषध ते), चष्मा लावून बघा. 40 ला लाल टोपणाची सिरिंज, 100 ला नारिंगी. 100 चं औषध लाल टोपणाच्या सिरिंजने दिलं तर डोस अडीचपट जातो! दुधाळ औषध तळहातांत हलकेच घोळवा, खळखळ हलवू नका.

वैशाखात लाइट गेली तर बाटली कोरड्या डब्यात घालून ओल्या मडक्यात ठेवा. बर्फाला मात्र टेकवू नका, गोठलेलं इन्सुलिन फेकूनच द्यायचं.