महायुद्धासाठी बांधलेल्या ट्रॉलर बोटी शांततेच्या काळात नौदलाने ठेवल्या तरी कशाला?

तुम्ही विचारलंय की पहिलं महायुद्ध संपल्यावर कॅनडाच्या नौदलाने या संथ, छोट्या, मासेमारी ट्रॉलरच्या धर्तीवरच्या बोटी सरळ विकून का नाही टाकल्या. बहुतेक विकल्या किंवा दुसऱ्या सरकारी खात्यांना दिल्याच. पण कॅनडाने त्यातल्या ४ नौदलात ठेवल्या आणि माझं ठाम मत आहे की त्या नसत्या, तर त्या देशाचं नौदल फक्त कागदावर उरलं असतं.

१९१७ मध्ये टोरांटो आणि माँट्रियलला अशा १२ बोटी बांधल्या गेल्या. नावं दिली ती पश्चिम आघाडीवरच्या (फ्रान्स-बेल्जियममधल्या) लढायांची: ईप्र, फेस्टुबेर, आर्मांतिएर, तिएपवाल वगैरे. (ईप्र आणि फेस्टुबेरला आपले हिंदी सैनिकही लढले होते.) लांबी साधारण ४० मीटर, वेग जेमतेम १० नॉट (ताशी साधारण १८ किलोमीटर), पुढे १२ पौंडांचा गोळा मारणारी एक तोफ.

ससून डॉकवर किंवा मिरकरवाड्याला ट्रॉलरची विंच (दोर गुंडाळून जाळं ओढणारं यंत्र) चालताना पाहिली असेल, तर बोटीचा हा प्रकार समुद्रातले सुरुंग काढायला नौदलाला का आवडला ते लगेच कळेल. भरलेलं जाळं ओढायची ताकद तीच, फक्त जाळ्याच्या जागी तारेचा दोर. दोन बोटी मध्ये दोर धरून समांतर चालतात, पाण्याखालच्या सुरुंगाची साखळी त्यात अडकून तुटते, सुरुंग वर येतो आणि मग तो गोळ्या घालून फोडायचा किंवा बुडवायचा. शिवाय खवळलेल्या समुद्रात दिवसचे दिवस काढायलाच ही बोट घडवलेली असते.

१९२२ मध्ये सरकारने नौदलाचा खर्च २५ लाख डॉलरवरून १५ लाखांवर आणला. ऑरोरा ही क्रूझर (मोठी युद्धनौका) आणि दोन पाणबुड्या सेवेतून काढाव्या लागल्या. नौदलप्रमुख वॉल्टर होज यांनी पूर्व आणि पश्चिम अशा प्रत्येक किनाऱ्याला एक विनाशिका आणि दोन ट्रॉलर एवढंच ठेवलं आणि १९२३ मध्ये स्वयंसेवकांचं राखीव दल उभं केलं. समुद्रापासून शेकडो मैल आत राहणारी, एरवी नोकरीधंदा करणारी पोरं त्यात आली. पूर्व किनाऱ्यावर हॅलिफॅक्सला ईप्र आणि फेस्टुबेरवर ती जहाजावरचं काम शिकली. लहान बोटीवर नुसतं बघत उभं राहायला जागाच नसते, प्रत्येकाला कामाला हात लावावाच लागतो. शिकाऊ माणसासाठी याहून चांगली शाळा नाही.

पश्चिम किनाऱ्यावर एस्क्विमाल्ट बंदरातून आर्मांतिएर आणि तिएपवाल गस्त घालायच्या: परकी मासेमारी रोखणं, सीलच्या शिकारीवर नजर ठेवणं, हिवाळ्यात अडचणीतल्या जहाजांच्या मदतीला धावणं. तिएपवालची १९२४ ची कामगिरी तर मला फार थोर वाटते. मॅकलॅरेन हा ब्रिटिश वैमानिक पृथ्वीप्रदक्षिणेला निघाला होता. कराची, कलकत्ता करत तो ब्रह्मदेशात आक्याबला पोचला आणि तिथे त्याचं विमान मोडलं. त्याचं राखीव विमान आधीच जपानात हाकोदातेला ठेवलेलं होतं आणि तिएपवालही त्याच्या मदतीसाठी तिथे गेली होती. ते विमान अमेरिकी विनाशिकांनी आक्याबला पोचवलं. पुढे ऑगस्टमध्ये बेरिंग समुद्राच्या तोंडाशी दाट धुक्यात त्याला पाण्यावर उतरावं लागलं, विमान निकामी झालं. त्याला, त्याच्या साथीदारांना आणि विमानाच्या अवशेषांना तिएपवालनेच उचलून कॅनडात आणलं. किनाऱ्याच्या गस्तीसाठी बांधलेल्या बोटीने अल्यूशियन बेटांवरून जपानपर्यंत जाणं ही काय चीज आहे ते नकाशा काढून बघाच!

तिएपवाल १९३० मध्ये व्हँकुव्हर बेटाच्या बार्कली साउंडमध्ये नकाशात नसलेल्या खडकावर आदळून बुडाली, माणसं वाचली. ईप्र हॅलिफॅक्स बंदराच्या तोंडाशी पाणबुडीरोधक जाळ्याचं फाटक सांभाळत असताना मे १९४० मध्ये रिव्हेंज या ब्रिटिश युद्धनौकेच्या धडकेने बुडाली. फेस्टुबेरलाही दुसऱ्या महायुद्धात तेच फाटकाचं काम मिळालं. आणि आर्मांतिएर प्रिन्स रुपर्ट बंदरात येणारी जहाजं तपासत ते दुसरं युद्धही पार करून गेली.