शंकराच्या देवळात जय-विजय बसवावेत का?

तुमच्या गावी शंकराच्या देवळाचा जीर्णोद्धार चाललाय, मुंबईकर मंडळींनी गाभाऱ्याच्या दाराशी जय-विजय बसवायला पैसे काढलेत, आणि गुरवकाका म्हणतात, गावाला राखणदार देव असताना आणखी द्वारपाल कशाला? दोन्ही प्रश्न एकमेकांत गुंतलेत, म्हणून एकत्रच लिहितो.

जय-विजय विष्णूचे. वैकुंठाच्या दारात त्यांनी सनकादिक ऋषींना अडवलं, शाप घेतला आणि हिरण्याक्ष-हिरण्यकशिपू, रावण-कुंभकर्ण, शिशुपाल-दंतवक्र असे तीन जन्म काढले. भागवतातली ही कथा कीर्तनांतून घरोघर गेलेली, पंढरपूरच्या देवळातही हीच जोडी उभी. त्यामुळे दारातल्या कुठल्याही दोघांना आपण सरसकट जय-विजय म्हणतो.

शंकराच्या दारचा मान नंदी आणि महाकाळाचा. नंदी म्हटलं की आपल्याला सभामंडपातला बैलच आठवतो, पण तो माणसाच्या रूपातला द्वारपालही आहे. कालिदासाच्या ‘कुमारसंभवा’त शिव समाधीत असताना लतागृहाच्या दारात हाच उभा असतो, डाव्या हाताशी सोन्याची वेताची काठी, आणि तोंडावर एक बोट ठेवून गणांना नुसत्या खुणेने गप्प करतो. मला द्वारपालाचं याहून नेमकं चित्र माहीत नाही. मेवाडच्या सूत्रधार (म्हणजे स्थपती) मंडनाने १५ व्या शतकात लिहिलेल्या ‘रूपमंडन’ या मूर्तिशास्त्राच्या ग्रंथात शिवाचे आठ द्वारपाल दिलेत: नंदी, महाकाळ, हेरंब, भृंगी, दुर्मुख, पांडुर, सित आणि असित. चार दिशांच्या चार दारांना चार जोड्या.

चार दारं आणि आठ द्वारपाल प्रत्यक्ष बघायचे तर लांब जायला नको, मुंबईजवळच्या घारापुरीला (एलिफंटाला) जा. तिथे बहुतेक लोक त्रिमूर्तीपाशी फोटो काढून परत फिरतात. त्याच लेण्यात लिंगाचा चौकोनी गाभारा आहे, चारही बाजूंनी पायऱ्या आणि दारं, प्रत्येक दाराच्या दोन्ही अंगांना सुमारे १५ फूट उंचीचे द्वारपाल, काहींच्या पायाशी बुटके गण. बऱ्याच मूर्तींचे हातपाय फुटलेत, तरी उभं राहण्यातली ऐट गेलेली नाही, आणि चेहऱ्यावर राग नाही, सावध शांतपणा आहे. लेणं साधारण ६ व्या शतकातलं, म्हणजे मंडनाच्या कितीतरी आधीचं, तेव्हा त्याची आठ नावं या आठांना चिकटवू नका.

आता राखणदार. तो गावाचा. सीमा, पाणंद, बागायत सांभाळणारा. त्याचं ठिकाण बहुधा झाडाखालचा पाषाण, त्याला राखण, म्हणजे त्याचा नैवेद्याचा मान, द्यावी लागते, गाऱ्हाण्यात, म्हणजे गावाच्या वतीने घातलेल्या प्रार्थनेत, त्याला हाक असते. द्वारपाल देवाचा सेवक, त्याची हद्द उंबरठ्यापुरती. एकाने दुसऱ्याचं काम भागत नाही आणि एकाने दुसऱ्याचा मानही कमी होत नाही. पण गुरवकाकांच्या बोलण्यात तथ्य आहे. कोकणातल्या कितीतरी जुन्या देवळांत दाराला मोठे द्वारपाल नाहीत. जांभ्याला भोकं फार, बारीक कोरीवकाम त्यावर टिकत नाही. त्यामुळे कोरीवकाम गेलं लाकडी खांबांवर आणि चौकटीवर, किंवा काळ्या पाषाणावर. गोव्याकडे ते गाभाऱ्याच्या दाराला मढवलेल्या चांदीच्या पत्र्यावर दिसतं. तुमच्या देवळात मोठे द्वारपाल नसतील तर ते काही उणं नाही.

म्हणून काही ठरवण्याआधी जुनी चौकट नीट बघा. दोन्ही बाह्यांच्या (चौकटीच्या उभ्या बाजूंच्या) तळाशी बहुधा वीतभर उंचीच्या आकृती असतात, तेल आणि कुंकवाच्या थराखाली बुजलेल्या. बॅटरी समोरून मारू नका, बाजूने, लाकडाला जवळजवळ चिकटवून धरा. सावल्या पडल्या की झिजलेली कडसुद्धा उठून दिसते. त्रिशूळ, डमरू, नाग किंवा कवटी दिसली तर शिवाचे. शंख-चक्र असेल तर विष्णूचे. नुसती गदा बघून काही ठरवू नका, ती दोघांकडेही असते. तर्जनी उगारलेली असते तीही दोन्हीकडे. हे दिसलं तर तुमच्या देवळाला द्वारपाल आधीपासूनच आहेत, आणि ती चौकट काढून तिथे ग्रॅनाइट लावणं हे त्यांना घालवून देणं आहे. कृपा करून ते होऊ देऊ नका. काम सुरू झालं की चौकट एका दिवसात निघते, नंतर कोणी कितीही हळहळलं तरी परत येत नाही.

ऑइलपेंटही नको, दगडाला नको आणि लाकडाला नको. आपल्या हवेत आत ओल धरते, रंगाखालून तिला वाट मिळत नाही आणि पोपडा सुटताना कोरीव भाग घेऊन सुटतो. मूर्ती फुटकी निघाली तर विसर्जन करू नका. ती पूजेतली मुख्य मूर्ती नाही, देवळाच्या आवारात छपराखाली उभी करून ठेवता येते. १०० वर्षांहून जुन्या मूर्तींच्या नोंदणीची तरतूद १९७२ च्या पुरावशेष कायद्यात आहे, तेव्हा हलवण्याआधी पुरातत्त्व खात्याला विचारा.

एवढं करूनही नवे बसवायचेच असतील तर कौल घ्या, म्हणजे देवाला विचारा, आणि मूर्तिकाराला नंदी-महाकाळ असं स्पष्ट लिहून द्या, एक सौम्य, एक उग्र. नुसतं ‘द्वारपाल’ सांगितलंत तर शंख-चक्रवाली जोडी येण्याचीच शक्यता जास्त.

चौकटीच्या तळाचे आणि वरच्या गणेशपट्टीचे (गणपती कोरलेल्या आडव्या पट्टीचे) फोटो इथे टाका, बाजूच्या उजेडातले. बघून सांगतो.